बियाण्याची पारख समुद्रातही हवी
(आनुवंशिकी आणि सागरविज्ञान यांचा मेळ : एक पाठ)

पीक चांगले यावयाचे असेल तर बियाणे चांगले हवे, हे शेतकऱ्यास कोणी शिकवावे लागत नाही. बियाणे कोठून आले, ते शुद्ध आहे की भेसळीचे, त्याचा वाण आपल्या जमिनीस व पाण्यास मानवेल काय, याची चौकशी केल्यावाचून जाणता शेतकरी पेरणी करीत नाही. पशुपालकही वळूची निवड करताना त्याची आई किती दूध देत होती हे विचारतो. परंतु समुद्रातील मासळीच्या बाबतीत ही चौकशी आजवर फारशी कोणी केली नाही. समुद्र न पेरता पिकतो, त्याला बियाणे लागत नाही, अशी आपली समजूत होती.

ही समजूत बरोबर नाही. समुद्रातील प्रत्येक मासा कोणत्या तरी बीजापासूनच आलेला असतो. त्या बीजाचेही वाण असतात, त्यातही कस असतो आणि तो कस टिकतो किंवा नाहीसा होतो. फरक इतकाच की शेतातले बियाणे कणगीत ठेवता येते, समुद्रातले बियाणे मात्र समुद्रातच ठेवावे लागते. म्हणून आनुवंशिकी, म्हणजे आईबापांचे गुण संततीत कसे उतरतात याचे शास्त्र, आणि सागरविज्ञान ही दोन शास्त्रे आज एकमेकांच्या जवळ आली आहेत. किनाऱ्यावरील मच्छीमार, खारजमिनीत मासे पाळणारा शेतकरी आणि घाटावर शेततळ्यात मत्स्यबीज सोडणारा शेतकरी या तिघांचाही या विषयाशी संबंध आहे.

अंधेरीचे स्थान

या विषयाचे शिक्षण व संशोधन जेथे चालते असे एक महत्त्वाचे ठिकाण आपल्या राज्यातच, मुंबईच्या उपनगरात आहे. अंधेरीच्या पश्चिमेस वर्सोवा हा जुना कोळीवाडा आहे. तेथील कोळी बांधव डोल जाळ्याने बोंबील, जवळा, करंदी इत्यादी मासळी धरतात आणि बोंबील बांबूंच्या वलांडीवर वाळवितात. त्याच परिसरात मत्स्य व सागर या विषयांच्या तीन संस्थांचे काम चालते.

पहिली संस्था म्हणजे केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्था. ती १९६१ साली मत्स्यव्यवसाय खात्यांतील अधिकाऱ्यांना प्रशिक्षण देण्यासाठी स्थापन झाली, १९७९ साली भारतीय कृषी अनुसंधान परिषदेकडे आली आणि १९८९ साली तिला अभिमत विद्यापीठाचा दर्जा मिळाला. तेथे मत्स्य आनुवंशिकी व जैवतंत्रज्ञान यांचा स्वतंत्र विभाग आहे. दुसरी म्हणजे केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेचे मुंबई केंद्र. समुद्रातून किती व कोणती मासळी धरली जाते याची पाहणी ही संस्था करते. तिसरी म्हणजे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे चार बंगला येथील विभागीय केंद्र. या संस्थेचे मुख्यालय गोव्यात दोनापावल येथे असून तिची स्थापना १९६६ साली झाली. पाण्याचा खारेपणा, त्यातील प्राणवायू, प्रवाह, गाळ आणि सूक्ष्म जीव यांचा अभ्यास हे तिचे क्षेत्र होय.

एक संस्था माशाच्या आत पाहते, दुसरी जाळ्यात पाहते आणि तिसरी पाण्यात पाहते. समुद्राच्या बियाण्याची पारख करावयाची तर या तिन्ही दृष्टी एकत्र याव्या लागतात.

जनुके म्हणजे काय

प्रत्येक सजीवाचे शरीर अतिसूक्ष्म पेशींचे बनलेले असते. पेशीमध्ये गुणसूत्रे असतात व त्यांत डी. एन. ए. नावाचे लांबलचक धाग्यासारखे द्रव्य असते. हा धागा म्हणजे जणू चार अक्षरांत लिहिलेली पोथी होय. तिचा जो भाग एखादा गुण ठरविण्यास उपयोगी पडतो त्यास जनुक म्हणतात. पिलास या पोथीची एक प्रत आईकडून व एक प्रत बापाकडून मिळते. नक्कल करताना क्वचित एखादे अक्षर बदलते आणि तो बदल पुढच्या पिढ्यांत चालत राहतो. म्हणून दोन माशांच्या पोथ्या ताडून पाहिल्या असता त्यांचे नाते जवळचे आहे की दूरचे, हे सांगता येते.

तपासणीस मासा मारण्याचीही आवश्यकता नसते. कल्ल्याजवळील परापैकी नखाएवढा तुकडा पुरतो. तो शुद्ध अल्कोहोलमध्ये ठेवून प्रयोगशाळेत नेतात. तेथे त्यातील डी. एन. ए. वेगळा करून हवा तेवढा भाग यंत्राच्या साहाय्याने पुन्हा पुन्हा दुप्पट केला जातो. तीस फेऱ्यांत एका प्रतीच्या शंभर कोटींहून अधिक प्रती तयार होतात. मग त्यातील अक्षरे क्रमाने वाचता येतात. जातीची ओळख पटविण्यासाठी सर्व पोथी वाचावी लागत नाही. प्राण्यांमध्ये सुमारे साडेसहाशे अक्षरांचा एक ठरावीक भाग वाचला तरी बहुधा काम भागते. ही पद्धत २००३ साली पुढे आली. दुकानातील मालावरच्या पट्ट्यांवरून जशी वस्तू ओळखतात, तशीच ही ओळख होय.

पहिला उपयोग : जातीची खरी ओळख

नाव एक आणि मासा दुसरा, असे समुद्रात वारंवार घडते. ज्यास आपण हलवा म्हणतो त्याला व्यापारात काळा पापलेट म्हणतात, परंतु तो पापलेटाच्या कुळातलाच नव्हे. हे भेद निदान डोळ्यांना दिसतात. काही भेद डोळ्यांना दिसतच नाहीत.

याचे उत्तम उदाहरण आपल्या चंदेरी पापलेटाचेच आहे. चीनच्या किनाऱ्यावरील पापलेटास १७८८ साली शास्त्रीय नाव मिळाले आणि पुढे आपल्या समुद्रातील चंदेरी पापलेटासही तेच लावले गेले. वास्तविक १८२९ साली फ्रेंच शास्त्रज्ञ क्यूव्हिए यांनी आपल्याकडील पापलेटास 'कँडिडस' असे वेगळे नाव दिले होते, पण दोन्ही मासे एकच समजून ते मागे पडले. गेल्या काही वर्षांत भारतीय शास्त्रज्ञांनी जनुकांची तुलना केली तेव्हा असे आढळले की हिंदी महासागरातील चंदेरी पापलेट व चीनकडील पापलेट या दोन निराळ्या जाती आहेत. त्यामुळे जुने नाव पुन्हा पुढे आले.

नाव बदलल्याने मच्छीमाराच्या पदरात काय पडते, असे कोणी विचारील. त्याचे उत्तर असे. मासा किती वाढल्यावर प्रथम अंडी घालतो, कोणत्या महिन्यांत घालतो, दरवर्षी किती वाढतो, या माहितीवरून त्याच्या संरक्षणाचे नियम ठरतात. जर दोन्ही मासे एकच जात असतील तर तिकडची माहिती इकडे वापरता येईल. परंतु जाती भिन्न असतील तर आपल्या माशाची माहिती आपल्याच समुद्रात गोळा केली पाहिजे. जोंधळ्याच्या एका वाणाचा पेरणीचा काळ दुसऱ्या वाणास लावला तर जे होईल तेच येथेही होईल.

महाराष्ट्र शासनाने २०२३ साली चंदेरी पापलेटास राज्यमासा म्हणून घोषित केले. त्याच वर्षी राज्यात ५४ जातींच्या मासळीसाठी धरावयाच्या किमान आकाराचे नियम लागू करण्यात आले. त्यात चंदेरी पापलेटाचा किमान आकार १३५ मिलिमीटर ठरला आहे. पालघर जिल्ह्यातील सातपाटीसारख्या पापलेटासाठी प्रसिद्ध असलेल्या बंदरांतील मच्छीमार लहान पापलेटांच्या मासेमारीविरुद्ध दीर्घकाळ तक्रार करीत आले आहेत. कोवळे कणीस खुडणाऱ्यास दाणाही मिळत नाही व बियाणेही मिळत नाही.

दुसरा उपयोग : एकाच जातीतील निरनिराळे वाण

जात एक असली तरी तिच्यात अनेक वाण असू शकतात. भात हे एकच पीक, पण खारजमिनीत टिकणारे भात व गोड्या पाण्याच्या खाचरातले भात यांत किती अंतर असते हे कोकणातील शेतकऱ्यास ठाऊक आहे. माशांतही असेच असते. एका भागातील मासे पिढ्यान्‌पिढ्या आपापसातच प्रजनन करीत राहिले म्हणजे त्यांचा एक स्वतंत्र साठा तयार होतो. अशा साठ्यातील मासे संपले तर दूरच्या साठ्यातील मासे येऊन ती जागा भरून काढतीलच असे नाही.

बोंबिलाचे उदाहरण पाहा. तो गुजरात व महाराष्ट्राच्या किनाऱ्यावर विपुल सापडतो, पुन्हा बंगालच्या बाजूस सापडतो, आणि मधल्या लांब किनाऱ्यावर फारच थोडा आढळतो. मग दोन्हीकडचे बोंबील एकाच घराण्याचे समजावे की दोन घराण्यांचे? शरीराची मापे घेऊन असा भेद शोधण्याचे काम झालेले आहे. परंतु शरीराचे माप खाण्यापिण्याने व पाण्यानेही बदलते, म्हणून मापांबरोबर जनुकांची साक्षही घ्यावी लागते. दोन घराणी असतील तर आपल्याकडील बोंबिलाचा सांभाळ आपणच केला पाहिजे. बंगालचा बोंबील वर्सोव्याच्या जाळ्यात येणार नाही.

शेतकऱ्यांच्या दृष्टीने याहूनही महत्त्वाचे उदाहरण जिताड्याचे आहे. रायगड जिल्ह्यातील पेण, अलिबाग, उरण या भागांतील खारेपाटात भातखाचरालगतच्या तळ्यांत जिताडा वाढविण्याची जुनी चाल आहे. खाडीतून मिळालेली लहान पिले तळ्यात सोडावयाची, ती मोठी झाली म्हणजे घरी व पाहुण्यांस वाढावयाची किंवा विकावयाची, अशी ही पद्धत. जिताडा खाऱ्या व गोड्या दोन्ही पाण्यांत राहू शकतो. मात्र अंडी घालण्यासाठी त्यास समुद्राकडे किंवा खाडीच्या मुखाशी जावे लागते. तेथून पिले भरतीबरोबर खाडीत वर येतात. म्हणजे खारेपाटातील तळे हे वस्तुतः समुद्राच्या बियाण्यावरच चालते.

या माशाची आणखी एक विलक्षण गोष्ट आहे. जिताडा बहुधा प्रथम नर म्हणून वयात येतो आणि काही वर्षांनी, मोठा झाल्यावर, मादी बनतो. त्याच्या पोथीत नराची वेगळी व मादीची वेगळी अशी गुणसूत्रे नाहीत. तीच जनुके वयानुसार निरनिराळ्या प्रकारे कामास लागतात. याचा व्यावहारिक अर्थ गंभीर आहे. खाडीतील मोठे जिताडे तेवढे निवडून धरले तर आपण मुख्यतः माद्याच संपवीत असतो. मागे उरतात ते तरुण नर. त्यांची संख्या कितीही असली तरी अंडी कोठून येणार?

२०१६ साली जिताड्याची संपूर्ण जनुकीय पोथी वाचली गेली. त्या अभ्यासात या माशाचे तीन मोठे गट स्पष्ट झाले : एक भारताच्या बाजूचा, दुसरा आग्नेय आशियाचा आणि तिसरा ऑस्ट्रेलिया व न्यू गिनीचा. आज जिताड्याचे बीज मत्स्यबीज केंद्रांतही तयार होते. चेन्नईच्या केंद्रीय निमखारे पाणी मत्स्यसंवर्धन संस्थेने १९९७ साली त्याचे प्रजनन यशस्वी केले. बीज विकत मिळू लागले ही सोय झाली, परंतु त्याबरोबर जबाबदारीही आली. परक्या गटाचे बीज आणून तळ्यात सोडले आणि उधाणात बांध फुटला किंवा उघाडीतून मासे निसटले, तर ते खाडीतील स्थानिक जिताड्याशी मिसळतील. एकदा मिसळलेले रक्त पुन्हा वेगळे करता येत नाही. खाडीतील गढूळ पाणी, पावसाळ्यात एकाएकी गोडे होणारे पाणी, आपल्याकडील रोग यांना तोंड देण्याचे जे गुण स्थानिक माशाने हजारो वर्षांत मिळविले असतील, ते अशा मिश्रणाने पातळ होण्याचा धोका असतो.

तिसरा उपयोग : प्रजनक माशांचा हिशेब

माशांची एक मादी लाखो अंडी घालते. रोहूच्या बाबतीत मादीच्या दर किलो वजनामागे दोन ते तीन लाख अंडी मिळतात. त्यामुळे मत्स्यबीज केंद्रास थोड्याशाच माशांवर सर्व गरज भागविता येते. सोय हीच येथे अडचण ठरते. थोड्या आईबापांची संतती सर्वत्र पसरते, पुढील वर्षी त्यांतीलच भावंडे प्रजनक म्हणून वापरली जातात आणि साठा आतून पोकळ होत जातो. वाढ मंदावणे, पिले अधिक मरणे, व्यंग दिसणे ही त्याची लक्षणे होत. एकाच वळूचा त्याच्या लेकी-नातींवर वापर केला असता कळपाचे जे होते, तेच हे.

किती प्रजनक ठेवले याबरोबरच त्यांत नर किती व माद्या किती यासही महत्त्व आहे. त्याचे एक सोपे गणित आहे. नरांची संख्या व माद्यांची संख्या यांचा गुणाकार करावा, त्यास चाराने गुणावे आणि एकूण संख्येने भागावे. जे उत्तर येईल तितकेच प्रजनक खऱ्या अर्थाने कामास आले असे समजावे.

समजा, एका केंद्रात २२ प्रजनक मासे आहेत. त्यांत नर २ व माद्या २० आहेत. तर २ × २० × ४ = १६०; १६० भागिले २२ म्हणजे सुमारे सव्वासात. दुसऱ्या केंद्रातही २२ मासेच आहेत, परंतु नर ११ व माद्या ११ आहेत. तर ११ × ११ × ४ = ४८४; ४८४ भागिले २२ म्हणजे बरोबर २२. खाद्य तेवढेच, हौद तेवढेच, मासेही तेवढेच. पण पहिल्या केंद्राचा साठा सात माशांच्या मोलाचा आणि दुसऱ्याचा बावीस माशांच्या मोलाचा. असे पाच पिढ्या चालू राहिले, तर पहिल्या साठ्यातील आनुवंशिक विविधतेपैकी सुमारे ३० टक्के नष्ट होईल, दुसऱ्यातील सुमारे ११ टक्के. म्हणून बीज स्वस्त आहे की महाग, एवढेच विचारून भागत नाही. त्यामागे किती नर व किती माद्या आहेत हेही विचारले पाहिजे.

चौथा उपयोग : निवडीने सुधारणा

विविधता राखली तर निवड करून वाण सुधारताही येतो. भुवनेश्वर येथील केंद्रीय गोड्या पाण्यातील मत्स्यसंवर्धन संस्थेने नॉर्वेच्या सहकार्याने १९९२ सालापासून रोहू माशावर हे काम केले. समुद्रातील सामन माशाच्या निवडीत नॉर्वेने जो अनुभव मिळविला होता तो येथे उपयोगी पडला. गंगा, गोमती, यमुना, सतलज व ब्रह्मपुत्रा या नद्यांतील रोहू आणि संवर्धनातील रोहू असे निरनिराळे साठे एकत्र करून त्यांतून चांगली वाढ होणारी घराणी निवडण्यात आली. दर पिढीस वाढीत सुमारे १७ ते १८ टक्के सुधारणा झाली. स्वातंत्र्याच्या सुवर्णमहोत्सवी वर्षी, १९९७ साली, या वाणास 'जयंती' असे नाव देण्यात आले. येथे एक गोष्ट ध्यानात घ्यावी. सुधारणेची सुरुवात नद्यांतील रानटी माशांपासून झाली. ते मासे नद्यांत राहिले नसते तर निवड कशातून करणार?

कोळंबीची कथा याच्या उलट बाजूची आहे. आपल्या किनाऱ्यावर स्वतःची पांढरी कोळंबी आहे. तथापि २००९ सालापासून भारतात व्हन्नामेई या कोळंबीच्या संवर्धनास परवानगी मिळाली आणि तिचा झपाट्याने प्रसार झाला. ही कोळंबी मूळची अमेरिकेच्या पॅसिफिक किनाऱ्यावरची. विशिष्ट रोगांपासून मुक्त असे तिचे निवडलेले प्रजनक परदेशातून आणावे लागतात. उत्पन्न मिळाले हे खरे, परंतु बियाण्याची किल्ली दुसऱ्याच्या हाती राहिली. दुसऱ्या देशाने आपल्या कोळंबीवर निवडीचे काम आधी केले आणि आपण आपल्या कोळंबीवर ते उशिरा हाती घेतले, याचा हा परिणाम होय.

पाचवा उपयोग : पाणी वाचणे

मासे, कालवे, शेवाळ, सूक्ष्म जीव हे सर्व पाण्यात आपले अंश सोडीत असतात : खवले, श्लेष्मा, विष्ठा, मेलेल्या पेशी. त्यामुळे घागरभर पाणी बारीक गाळणीतून गाळले आणि गाळणीवर राहिलेल्या द्रव्यातील डी. एन. ए. वाचला, तर त्या पाण्यात कोणकोणते जीव वावरत होते याचा अंदाज येतो. वाळूवरील पावलांवरून रात्री कोणते जनावर येऊन गेले हे ओळखावे, तसेच हे आहे.

राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचे 'सिंधु साधना' हे संशोधन जहाज मार्च २०२१ मध्ये विशाखापट्टणमहून हिंदी महासागराच्या मोहिमेवर निघाले. निरनिराळ्या ठिकाणचे व निरनिराळ्या खोलीवरचे पाणी घेऊन त्यातील सूक्ष्म जीवांची जनुके व धातूंचे सूक्ष्म अंश यांचा अभ्यास करणे हा तिचा हेतू होता. सूक्ष्म जीवांचा एवढा खटाटोप कशासाठी, हे शेतकऱ्यास आपल्या खाचरावरून सहज कळेल.

पाणी तुंबलेल्या भातखाचरात नत्रयुक्त खताचा बराचसा भाग वायुरूपाने उडून जातो. चिखलात प्राणवायू नसतो, तेव्हा तेथील काही जीवाणू प्राणवायूऐवजी नायट्रेटचा उपयोग करतात आणि त्यातील नत्र वायू होऊन निसटतो. अरबी समुद्रात नेमके हेच घडते. सुमारे दीडशे मीटरपासून हजार मीटरपर्यंतच्या खोलीत प्राणवायू अत्यंत कमी आहे आणि तेथे असेच जीवाणू समुद्राचे नत्र वायुरूपाने घालवीत असतात. जगातील खुल्या समुद्रांत अशी मोठी क्षेत्रे तीनच आहेत व त्यांतील एक आपल्या दारात आहे. समुद्राचे नत्र घटले तर सूक्ष्म वनस्पतींचे पीक घटते आणि त्यावर जगणाऱ्या मासळीवरही परिणाम होतो. हे जीवाणू प्रयोगशाळेत वाढविणे कठीण असते, पण त्यांची जनुके पाण्याच्या नमुन्यात वाचता येतात. कोणत्या खोलीवर, कोणत्या ऋतूत, कोणते जीवाणू कामास लागतात हे त्यावरून समजते. सागरविज्ञान व आनुवंशिकी यांचा मेळ याहून स्पष्ट क्वचितच दिसेल.

मासळीच्या बाबतीतही मोठे काम झाले आहे. तारली या माशाचे उत्पादन कधी विपुल तर कधी अगदी थोडे असते. या माशाची संपूर्ण जनुकीय पोथी केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने २०२३ साली वाचून प्रसिद्ध केली. तीत ४६ हजारांहून अधिक जनुके आढळली. समुद्राचे तापमान, खारेपणा व अन्न यांतील बदलांस हा मासा कसे तोंड देतो, हे समजून घेण्यास या माहितीचा आधार मिळेल.

या शास्त्राची मर्यादा

आनुवंशिकी ही माहिती देते, संरक्षण देत नाही. कोणता मासा कोणत्या घराण्याचा हे प्रयोगशाळा सांगेल. त्याचे पिलू जाळ्यातून सुटावे म्हणून जाळ्याचा आस मोठा ठेवणे हे मच्छीमाराच्या हाती आहे. खाडीत सांडपाणी व गाळ वाढला, खाजणातील तिवरे तुटली, तर उत्तम वाणालाही जगावयास जागा उरणार नाही. शिवाय जी जात नष्ट झाली तिची जनुके कागदावर वाचलेली असली तरी तेवढ्याने ती परत येत नाही. बियाण्याची यादी म्हणजे बियाणे नव्हे.

गावपातळीवरील कार्यकर्त्यांनी व शेतकऱ्यांनी करावयाची कामे

१. मत्स्यबीज घेताना तीन प्रश्न अवश्य विचारावेत : प्रजनक मासे मूळचे कोठले? नर किती व माद्या किती? नवे प्रजनक शेवटी केव्हा आणले? उत्तरे वहीत नोंदवावीत व पावती जपून ठेवावी.

२. केवळ नावावर विश्वासू नये. देशी मागुराच्या नावाने आफ्रिकन मांगूर विकला जातो. त्याच्या संवर्धनास भारतात बंदी आहे. तो अतिशय खादाड असून निसटल्यास ओढ्यानाल्यांतील देशी मासळी फस्त करतो. संशय आल्यास मत्स्यव्यवसाय खात्यास कळवावे.

३. तळ्याचा बांध, उघाडी व सांडवा यांवर पावसाळ्यापूर्वी बारीक जाळी बसवावी. बाहेरून आणलेला मासा खाडीत अथवा नदीत कदापि सोडू नये. तळे मोडताना उरलेले मासेही सोडू नयेत.

४. खाडीतून जिताड्याची पिले घेणाऱ्यांनी सर्व पिले उचलू नयेत. तसेच मोठे जिताडे म्हणजे माद्या, हे गावात सर्वांना सांगावे.

५. किमान आकाराच्या नियमाची माहिती मच्छीमार सहकारी संस्थेच्या फलकावर लावावी. १३५ मिलिमीटरची खूण केलेली एक साधी पट्टी बंदरावर ठेवली तरी पुष्कळ काम होईल.

६. अनोळखी मासा सापडल्यास त्याचे छायाचित्र, ठिकाण, दिनांक व जाळ्याचा प्रकार यांची नोंद करावी आणि मत्स्यव्यवसाय कार्यालयास अथवा जवळच्या संशोधन केंद्रास कळवावे. नमुना ठेवावयाचा झाल्यास त्यांच्या सूचनेप्रमाणे पराचा तुकडा शुद्ध अल्कोहोलमध्ये ठेवावा. फॉर्मेलिनमध्ये ठेवू नये, कारण त्याने डी. एन. ए. बिघडतो.

७. स्वतः प्रजनन करणाऱ्यांनी नर व माद्या शक्यतो समसमान ठेवाव्यात आणि ठरावीक काळाने दुसऱ्या घराण्याचे प्रजनक आणावेत.

समारोप

दुष्काळातही शेतकरी बियाण्याच्या मडक्यास हात लावीत नसे. पोटाला चिमटा घेऊन तो ते राखीत असे, कारण पुढील वर्षाची आशा त्यात होती. समुद्राचे व खाडीचे मडके मात्र सर्वांच्या मालकीचे असल्यामुळे त्यात प्रत्येकाचा हात जातो. आजवर त्यात काय आहे व किती उरले आहे हे दिसत नव्हते. आनुवंशिकी व सागरविज्ञान यांच्या साहाय्याने ते आता दिसू लागले आहे. राखावयाचे की नाही, हे ठरविणे मात्र किनाऱ्यावरील व खारेपाटातील लोकांच्या हाती आहे.

अभ्यासासाठी प्रश्न

१. चंदेरी पापलेटाची खरी जात कळल्याने संरक्षणाच्या नियमांत काय फरक पडतो?
२. मोठे जिताडे निवडून धरल्यास खाडीतील साठ्यावर कोणता परिणाम होतो व का?
३. एका केंद्रात ५ नर व १५ माद्या आहेत. खऱ्या अर्थाने कामास आलेल्या प्रजनकांची संख्या काढा. (उत्तर : १५)
४. भातखाचरातील नत्राची हानी व अरबी समुद्रातील नत्राची हानी यांत कोणते साम्य आहे?
५. आपल्या गावातील तळ्यांत गेल्या तीन वर्षांत सोडलेले मत्स्यबीज कोठून आले, याची यादी तयार करा आणि ग्रामसभेत वाचून दाखवा.